एक पडदा, अनेक मेजे
संगणकावरील आभासी डेस्कटॉप : उगम, रचना आणि उपयोग

शासकीय कामकाज कागदावरून संगणकाच्या पडद्यावर आल्याला आता बराच काळ लोटला आहे. ग्रामपंचायतीचे लेखे ई-ग्रामस्वराज प्रणालीवर नोंदविले जातात, शाळेची माहिती यू-डायस प्लसवर भरली जाते, अनेक कार्यालयांतील नस्त्या ई-ऑफिसमधून फिरतात. काम पडद्यावर आले. परंतु कागद मांडण्याची जी शिस्त जुन्या दफ्तरात होती, ती पडद्यावर आपोआप आली नाही. संगणकासमोर बसलेल्या कर्मचाऱ्याच्या पडद्यावर पत्राचा मसुदा, आकडेवारीचा तक्ता, टपालपेटी, दोन-तीन संकेतस्थळे आणि नुकतेच आलेले परिपत्रक अशा दहा-बारा खिडक्या एकमेकींवर रचलेल्या असतात. हवी ती खिडकी शोधण्यात वेळ जातो हे खरेच. त्याहून गंभीर बाब अशी की, या गर्दीत एका लाभार्थ्याचा खातेक्रमांक दुसऱ्याच्या अर्जात उमटण्याचा संभव असतो. संगणकाच्या लेखी दोन्ही क्रमांक सारखेच शुद्ध असतात. त्यामुळे अशी चूक त्याला अनेकदा कळत नाही. तिचा भुर्दंड मात्र ज्याचे अनुदान अडकते त्या शेतकऱ्याला, किंवा ज्याची शिष्यवृत्ती थांबते त्या विद्यार्थ्याला पडतो.

ही गर्दी आवरण्याचा एक साधा व विनामूल्य उपाय आज वापरात असलेल्या बहुतेक संगणकांत अगोदरच उपलब्ध आहे. त्यास ‘आभासी डेस्कटॉप’ असे म्हणतात. पडदा एकच असला तरी त्यावर एकापेक्षा अधिक मेजे मांडता यावीत, प्रत्येक मेजावर एकेका कामाच्या खिडक्या असाव्यात आणि कळ दाबताच एक मेज बाजूस सरून दुसरे समोर यावे, अशी ही योजना आहे. तिचा उगम कसा झाला, ती आतून कशी चालते, तिचा उपयोग कोठे होतो आणि कोठे होत नाही, याचा परिचय प्रस्तुत लेखात करून दिला आहे.

मेजाची कल्पना आणि पडद्याचा आकार

संगणकाच्या पडद्याला ‘डेस्कटॉप’ म्हणजे मेजाचा पृष्ठभाग हे नाव सहज पडलेले नाही. अमेरिकेत कॅलिफोर्नियातील पालो आल्टो येथे झेरॉक्स कंपनीने १९७० मध्ये एक संशोधन केंद्र स्थापन केले. तेथे १९७३ मध्ये ‘आल्टो’ नावाचा संगणक तयार झाला. त्याचा पडदा उभ्या कागदासारखा होता. याच केंद्रात अ‍ॅलन के आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एकमेकींवर चढणाऱ्या खिडक्यांची कल्पना प्रत्यक्षात आणली. मेजावर एका कागदावर दुसरा कागद ठेवावा, तशी एका खिडकीवर दुसरी खिडकी ठेवता येऊ लागली. झेरॉक्सने १९८१ मध्ये बाजारात आणलेल्या ‘स्टार’ या संगणकात कागद, नस्ती, टपालपेटी यांची चित्रे पडद्यावर दिसू लागली. १९८४ मध्ये अ‍ॅपल कंपनीच्या मॅकिंटॉश संगणकाने हीच पद्धत सामान्य ग्राहकापर्यंत नेली.

या कल्पनेत एक उणीव होती. पडद्याला मेज म्हटले तरी तो मेजाएवढा मोठा नव्हता. झेरॉक्सच्या केंद्रातील ऑस्टिन हेंडरसन आणि स्टुअर्ट कार्ड या दोन संशोधकांनी १९८६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात या विसंगतीचा हिशेबच मांडला. कार्यालयातील नेहमीच्या मेजाच्या पृष्ठभागावर त्या काळच्या मॅकिंटॉश संगणकाचे ४६ पडदे मावतील, आयबीएमच्या वैयक्तिक संगणकाचे २२ मावतील आणि १९ इंची मोठे पडदे घेतले तरी १० मावतील, असे त्यांनी दाखवून दिले. सबंध मेजावरचे काम एवढ्याशा जागेत करावयाचे म्हटल्यावर कागदावर कागद चढणार आणि माणसाचा वेळ ते उपसण्यात जाणार, हे उघड होते.

त्यानंतर पडदे मोठे झाले, त्यांची स्पष्टता वाढली. परंतु एकाच वेळी उघडाव्या लागणाऱ्या खिडक्यांची संख्याही त्याच प्रमाणात वाढत गेली. त्यामुळे मूळ प्रश्न आजही कायम आहे.

‘रूम्स’ : एका जुन्या तत्त्वाचा नवा उपयोग

हेंडरसन आणि कार्ड यांनी या प्रश्नावर जो उपाय योजला, त्यास त्यांनी ‘रूम्स’ म्हणजे खोल्या असे नाव दिले. हा उपाय त्यांना संगणकशास्त्रातील एका जुन्या अनुभवावरून सुचला. तो अनुभव संगणकाच्या स्मृतीविषयीचा होता.

संगणकाची मुख्य स्मृती वेगवान पण अपुरी असते, तर साठवणुकीची तबकडी मोठी पण मंद असते. इंग्लंडमधील मँचेस्टर विद्यापीठात तयार झालेल्या ‘अ‍ॅटलस’ संगणकाने १९६२ मध्ये यावर तोड काढली. जो भाग सध्या लागतो तेवढाच मुख्य स्मृतीत ठेवावयाचा, उरलेला दुय्यम साठवणुकीत ठेवावयाचा आणि गरज पडताच अदलाबदल करावयाची. यालाच आभासी स्मृती म्हणतात. ही सोय उपयुक्त ठरली, पण तिच्यात एक धोका आढळला. एकाच वेळी फार कामे हाती घेतली की संगणक अदलाबदलीतच गुंतून पडे आणि प्रत्यक्ष काम पुढे सरकत नसे. पीटर डेनिंग या अमेरिकी शास्त्रज्ञाने १९६८ मध्ये याचे मर्म उलगडले. कोणतेही काम चालू असताना ठरावीक काळात त्याला मजकुराचा एक छोटा, परस्परसंबद्ध संच पुन्हा पुन्हा लागतो. तो संपूर्ण संच एकत्र हाताशी असेल तर काम सुरळीत चालते. त्यातील थोडा जरी बाहेर राहिला तरी ने-आण सुरू होते. या संचाला ‘कार्यसंच’ म्हणता येईल.

हेंडरसन आणि कार्ड यांनी हेच तत्त्व माणसाच्या कामास लावून पाहिले. माणूस खिडक्या कशा वापरतो याचे निरीक्षण करता असे दिसले की, त्याही गटागटाने वापरल्या जातात. पत्र लिहिताना मसुदा, संदर्भाचा कागद आणि शब्दकोश या खिडक्या लागतात. हिशेब करताना त्या लागत नाहीत, वेगळ्याच तीन-चार लागतात. मग एका वेळी एका कामाचा पूर्ण गट समोर आणावा आणि काम बदलताच सबंध गटच बदलावा, हे ओघानेच आले. माणसाने एकेक खिडकी शोधत बसण्यापेक्षा एका खोलीतून दुसऱ्या खोलीत जावे, हा ‘रूम्स’चा आशय होय.

या योजनेतील बारकावे आजही लक्षात घेण्याजोगे आहेत. एका खोलीतून दुसरीत जाण्यासाठी पडद्यावर ‘दारे’ होती. सर्व खोल्यांचे लहान आकाराचे चित्र एकत्र दाखविणारा एक ‘आढावा’ होता. घड्याळासारखी जी वस्तू प्रत्येक खोलीत हवी, तिच्यासाठी ‘खिसा’ होता. खिशातील वस्तू कोठेही गेले तरी बरोबर येत असे. एखादी खिडकी एका खोलीतून दुसरीत न्यावयाची झाल्यास ती ‘सामान’ म्हणून सोबत घेता येत असे. आजच्या संगणकांवरील आभासी डेस्कटॉपमध्ये ज्या सुविधा आढळतात, त्यांतील बहुतेक या चार शब्दांत सामावलेल्या आहेत.

प्रसाराचा क्रम

संशोधन केंद्रात जन्मलेली ही कल्पना सर्वसामान्य वापरात येण्यास मात्र बराच काळ लागला. १९८५ मध्ये आलेल्या ‘अमिगा’ या घरगुती संगणकावर एकापेक्षा अधिक पडदे मागे-पुढे ठेवून ते वर-खाली सरकविण्याची सोय होती. पुढे विद्यापीठे व प्रयोगशाळांत वापरल्या जाणाऱ्या युनिक्स संगणकांवर या कल्पनेने मूळ धरले. मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी येथे १९८४ मध्ये सुरू झालेल्या ‘एक्स’ या खिडकी-प्रणालीचे एक वैशिष्ट्य असे की, खिडक्यांची मांडणी पाहणारी आज्ञावली तिच्यात स्वतंत्र असते. त्यामुळे कोणीही नवा खिडकी-व्यवस्थापक लिहून तो जोडू शकत असे. १९९० च्या सुमारास टॉम लास्ट्रेंज यांच्या ‘एसडब्ल्यूएम’ने आणि १९९३ मध्ये रॉबर्ट नेशन यांच्या ‘एफव्हीडब्ल्यूएम’ने आभासी डेस्कटॉपची सोय दिली. लिनक्सवर चालणाऱ्या ‘केडीई’ आणि ‘नोम’ या प्रचलित पडदा-व्यवस्थांनी ती प्रारंभापासूनच अंगीकारली. पुणे येथे मुख्यालय असलेल्या सी-डॅक या संस्थेने विकसित केलेली ‘बॉस’ ही भारतीय प्रणाली लिनक्सवरच आधारलेली आहे. साहजिकच तिच्या वापरकर्त्यांनाही ही सुविधा मिळते.

अ‍ॅपल कंपनीने ऑक्टोबर २००७ मध्ये मॅक संगणकांच्या ‘लेपर्ड’ या आवृत्तीत ‘स्पेसेस’ नावाने ही सोय दिली. तीत सोळापर्यंत जागा करता येत असत. २०११ मध्ये ती ‘मिशन कंट्रोल’ या व्यवस्थेत विलीन झाली.

आपल्याकडील कार्यालयांत सर्वाधिक प्रचलित असलेल्या विंडोज प्रणालीत मात्र ही सोय सर्वात उशिरा आली. विंडोज एक्सपीसाठी मायक्रोसॉफ्टने चार डेस्कटॉप देणारी एक जोड-आज्ञावली स्वतंत्रपणे उपलब्ध करून दिली होती. २००८ मध्ये मार्क रुसिनोविच आणि ब्राइस कॉग्सवेल यांची ‘डेस्कटॉप्स’ ही छोटी आज्ञावली आली. व्हर्च्युआविन, डेक्सपॉट यांसारख्या इतरांनी लिहिलेल्या आज्ञावल्याही वापरल्या जात. मूळ प्रणालीचाच भाग म्हणून ही सुविधा २९ जुलै २०१५ रोजी प्रसिद्ध झालेल्या विंडोज १० मध्ये प्रथम मिळाली. २०२० मधील सुधारणेनंतर प्रत्येक डेस्कटॉपला नाव देता येऊ लागले आणि २०२१ मध्ये आलेल्या विंडोज ११ मध्ये प्रत्येकाला वेगळे पार्श्वचित्र लावण्याची सोय झाली. ‘रूम्स’चा निबंध आणि विंडोज १० यांच्यात २९ वर्षांचे अंतर आहे. पडदा तोच, माणूस तोच आणि अडचणही तीच असताना एवढा काळ जावा, ही विचार करण्याजोगी गोष्ट आहे.

आत काय घडते

आभासी डेस्कटॉप या शब्दामुळे संगणकाच्या आत अनेक संगणक तयार होतात असा समज होण्याचा संभव आहे. प्रत्यक्षात रचना पुष्कळच साधी असते. खिडकी-व्यवस्थापक उघड्या खिडक्यांची एक यादी ठेवतो आणि प्रत्येकीसमोर ती कोणत्या डेस्कटॉपची आहे याचा क्रमांक नोंदवितो. वापरकर्त्याने दुसऱ्या क्रमांकाचा डेस्कटॉप मागितला की, दोन हा क्रमांक असलेल्या खिडक्या दाखविल्या जातात आणि बाकीच्या झाकल्या जातात. झाकलेली खिडकी बंद झालेली नसते; तिच्यातील काम चालूच असते. मोठी धारिका उतरवून घेण्याचे काम एका डेस्कटॉपवर सुरू करून दुसऱ्यावर पत्र लिहिता येते ते यामुळेच.

दुसरी एक पद्धत जुन्या युनिक्स संगणकांवर विशेष प्रचलित होती. तीत पडद्यापेक्षा कितीतरी मोठे असे एकच सलग मेज कल्पिलेले असते आणि पडदा हा त्यावर फिरविता येणारा झरोका असतो. झरोका उजवीकडे नेला की मेजाचा उजवा भाग दिसतो. नकाशा किंवा मोठा आराखडा पाहण्यास ही पद्धत सोयीची असली, तरी कार्यालयीन कामासाठी स्वतंत्र डेस्कटॉपची पद्धतच अधिक रूढ झाली आहे.

रुसिनोविच आणि कॉग्सवेल यांनी तिसराच मार्ग घेतला. विंडोजच्या गाभ्यात पूर्णपणे वेगळे डेस्कटॉप निर्माण करण्याची क्षमता पूर्वीपासून होती. प्रवेश-संकेत विचारणारा पडदा अशाच एका वेगळ्या डेस्कटॉपवर येतो. त्यांनी ही क्षमता वापरली. त्यामुळे आज्ञावली अतिशय लहान व चपळ झाली. परंतु एका डेस्कटॉपवरील खिडकी दुसऱ्यावर नेणे तीत शक्य नव्हते. ‘रूम्स’मधील ‘सामान’ आणि ‘खिसा’ या कल्पनांचे महत्त्व या उदाहरणावरून ध्यानी येते. मेजे वेगळी हवीत, पण एका मेजावरचा कागद दुसऱ्या मेजावर नेताही आला पाहिजे.

नावसाधर्म्यामुळे होणारा घोटाळा

याच नावाशी मिळतीजुळती परंतु पूर्णतः भिन्न अशी एक व्यवस्था आहे. तिच्यात संगणकाचे सर्व काम दूरच्या मध्यवर्ती सेवासंगणकावर चालते आणि कर्मचाऱ्यासमोरील यंत्र केवळ त्याचे चित्र दाखविते. तिलाही ‘व्हर्च्युअल डेस्कटॉप’ असेच संबोधिले जाते. मायक्रोसॉफ्टची ‘अ‍ॅझ्युर व्हर्च्युअल डेस्कटॉप’ ही सेवा त्याच प्रकारची आहे. त्या व्यवस्थेला सेवासंगणक, अखंड जोडणी आणि आवर्ती खर्च लागतो. प्रस्तुत लेखातील आभासी डेस्कटॉप हा एकाच संगणकावरील खिडक्यांच्या मांडणीचा प्रकार आहे आणि त्यास वेगळा खर्च नाही. खरेदीचा प्रस्ताव किंवा निविदेचा मसुदा तयार करताना या दोहोंत गल्लत झाल्यास किरकोळ गरजेपोटी मोठी यंत्रणा दारात उभी राहील. त्याचप्रमाणे विंडोज १० वा ११, मॅक अथवा लिनक्स असलेल्या संगणकासाठी केवळ या कारणास्तव वेगळी आज्ञावली विकत घेण्याचे प्रयोजन नाही. इतरांनी लिहिलेल्या काही आज्ञावल्या घरगुती वापरास मोफत असल्या तरी कार्यालयीन वापरास परवाना मागतात, हेही पाहून घेतले पाहिजे.

प्रश्न अवधानाचा

पडद्यावरील जागा वाचणे हा आभासी डेस्कटॉपचा एक लाभ झाला. त्याचा दुसरा, अधिक मोलाचा लाभ माणसाच्या अवधानाशी संबंधित आहे.

कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या अर्व्हाइन येथील ग्लोरिया मार्क आणि व्हिक्टर गोन्झालेझ यांनी कार्यालयीन कर्मचाऱ्यांच्या प्रत्यक्ष कामाची निरीक्षणे नोंदवून २००४ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. एखाद्या सुट्या कृतीवर माणूस सरासरी सुमारे तीन मिनिटे टिकतो, असे त्यांना आढळले. परंतु परस्परसंबद्ध कृतींचा एक गट मानला, तर त्या गटात तो सुमारे बारा मिनिटे राहतो. माणूस आपले काम अशा गटांच्या रूपानेच ओळखतो, हा त्या अभ्यासाचा महत्त्वाचा भाग होय. २००९ मध्ये सोफी लेरॉय यांनी दाखवून दिले की, एक काम अर्धवट सोडून दुसरे हाती घेतले असता मनाचा काही भाग पहिल्या कामातच गुंतून राहतो आणि दुसऱ्या कामाची गुणवत्ता घटते.

या दोन्ही निष्कर्षांचा आभासी डेस्कटॉपशी निकटचा संबंध आहे. व्यत्यय टाळणे कार्यालयात क्वचितच शक्य असते. दूरध्वनी येतो, अभ्यागत येतो, वरिष्ठांकडून तातडीने माहिती मागविली जाते. अशा वेळी चालू कामाच्या खिडक्या जशाच्या तशा ठेवून नव्या कामासाठी कोरे मेज घेता आले, तर परतल्यावर काम कोठे थांबले होते हे ती मांडणीच सांगते. व्यत्यय टळत नाही. परंतु व्यत्ययानंतर पुन्हा जम बसविण्याचे कष्ट कमी होतात. ज्या खिडकीशी सध्याच्या कामाचा संबंध नाही ती समोरच नसल्यामुळे चुकीच्या अर्जात माहिती भरली जाण्याची भीतीही उणावते.

कामाची वाटणी कशी करावी

या सोयीचा लाभ मिळणे न मिळणे हे मुख्यत्वे वाटणीवर अवलंबून असते. बहुतेक जण प्रारंभी आज्ञावलीनुसार वाटणी करतात. एका डेस्कटॉपवर सर्व पत्रे, दुसऱ्यावर सर्व तक्ते, तिसऱ्यावर सर्व संकेतस्थळे अशी ही मांडणी दिसावयास नीटनेटकी असते, पण उपयोगाची नसते. कारण कोणत्याही एका कामासाठी तिन्ही ठिकाणी फिरावे लागते. वाटणी आज्ञावलीनुसार न करता कामानुसार करावी, हा यातील मुख्य नियम होय.

ग्रामपंचायत कार्यालयातील संगणक परिचालकाचे उदाहरण घेता येईल. ‘लेखे’ या डेस्कटॉपवर ई-ग्रामस्वराज, रोकडवही आणि बँकेचे विवरणपत्र असावे. ‘दाखले’ या डेस्कटॉपवर जन्म-मृत्यू नोंदणी व नागरिकांचे अर्ज असावेत. ‘ग्रामसभा’ या डेस्कटॉपवर विषयपत्रिका, मागील सभेचे इतिवृत्त आणि ठरावांचे मसुदे असावेत. टपालासाठी चौथा डेस्कटॉप ठेवता येतो. दाखला मागण्यासाठी नागरिक आला की ‘दाखले’ समोर आणावयाचे. तो गेला की पुन्हा ‘लेखे’ घ्यावयाचे. मुख्याध्यापकांच्या संगणकावर वेतन, विद्यार्थ्यांची माहिती, परीक्षा आणि पत्रव्यवहार अशी वाटणी करता येईल.

संकेतस्थळांच्या बाबतीत एक गोष्ट ध्यानात ठेवली पाहिजे. ब्राउझरच्या एकाच खिडकीत दहा टॅब उघडले असतील, तर ते सर्व त्या खिडकीबरोबर एकाच डेस्कटॉपवर राहतात. म्हणून प्रत्येक कामासाठी ब्राउझरची वेगळी खिडकी उघडावी आणि त्या कामाचेच टॅब तीत ठेवावेत. दिनदर्शिका किंवा गणकयंत्र यांसारखी जी खिडकी सर्वत्र हवी, ती सर्व डेस्कटॉपवर दिसेल अशी निवड विंडोजमध्ये करता येते. ‘रूम्स’मधील ‘खिसा’ तो हाच.

डेस्कटॉपची संख्या मर्यादित असावी. तीन ते पाच मेजे लक्षात राहतात. दहा केली तर कोणते काम कोठे आहे हे शोधण्याचा नवाच उद्योग उद्भवतो.

वापरण्याची रीत

विंडोज १० व ११ मध्ये विंडोजचे चिन्ह असलेली कळ आणि टॅब या दोन्ही कळा एकत्र दाबल्या असता सर्व खिडक्यांचा व डेस्कटॉपचा आढावा समोर येतो. तेथेच नवा डेस्कटॉप करता येतो, नाव बदलता येते आणि माऊसने खिडकी ओढून दुसऱ्या डेस्कटॉपवर टाकता येते. विंडोज कळ, कंट्रोल आणि डी या तीन कळांनी नवा डेस्कटॉप तयार होतो. विंडोज कळ व कंट्रोल दाबून डावा किंवा उजवा बाण दाबला की शेजारच्या डेस्कटॉपवर जाता येते. विंडोज कळ, कंट्रोल आणि एफ-४ या कळांनी समोरचा डेस्कटॉप बंद होतो. तो बंद केल्याने त्यावरील खिडक्या नष्ट होत नाहीत. त्या शेजारच्या डेस्कटॉपवर जातात. आल्ट व टॅब या कळांनी साधारणतः समोरच्या डेस्कटॉपवरील खिडक्याच दिसतात. सर्व हव्या असल्यास सेटिंग्जमधील सिस्टिम या भागात मल्टिटास्किंग येथे तसा बदल करता येतो.

मॅक संगणकावर कंट्रोल व वरचा बाण यांनी आढावा दिसतो, तर कंट्रोल व डावा-उजवा बाण यांनी डेस्कटॉप बदलतो. लिनक्सवरील नोम व्यवस्थेत विंडोज कळेबरोबर पेज-अप किंवा पेज-डाउन दाबावे लागते. या तीन-चार कळा शिकण्यास पंधरा मिनिटे पुरेशी असतात. हाताला वळण पडण्यास मात्र आठवडाभर सराव करावा लागतो.

मर्यादा आणि दक्षता

आभासी डेस्कटॉप हे कुलूप नव्हे, ही गोष्ट सर्वात आधी समजून घेतली पाहिजे. वेगळ्या डेस्कटॉपवर ठेवलेला गोपनीय कागद केवळ नजरेआड असतो. दोन कळा दाबताच तो कोणालाही दिसतो. सर्व डेस्कटॉप एकाच वापरकर्त्याचे असतात आणि सर्वांवरून त्याच धारिका उघडतात. खुर्ची सोडताना विंडोज कळ आणि एल दाबून संगणक कुलूपबंद करणे, तसेच एका संगणकावर दोन कर्मचारी काम करीत असल्यास प्रत्येकासाठी स्वतंत्र वापरकर्ता-खाते ठेवणे, या गोष्टींना आभासी डेस्कटॉप हा पर्याय होऊ शकत नाही.

दुसरी मर्यादा संगणकाच्या स्मृतीची आहे. झाकलेल्या खिडक्या चालूच असल्यामुळे त्या स्मृती व्यापतात. जुन्या, कमी स्मृतीच्या संगणकावर चार डेस्कटॉप भरून खिडक्या उघडल्यास संगणक मंदावतो. डेस्कटॉप वाढल्याने संगणकाची शक्ती वाढत नाही.

तिसरी बाब संगणक बंद करण्याविषयीची आहे. विंडोज पुन्हा सुरू केल्यावर डेस्कटॉप व त्यांची नावे कायम राहतात. परंतु त्यांवरील सर्व खिडक्या पूर्ववत परत येतील असे नाही. यास्तव डेस्कटॉप बदलण्यापूर्वी चालू काम जतन करण्याची सवय मोडू नये.

शिक्षकांसाठी एक सूचना विशेष महत्त्वाची आहे. वर्गात प्रक्षेपक जोडला असता विंडोजमध्ये डेस्कटॉप बदलला की संगणकाचा पडदा आणि प्रक्षेपकाचे चित्र दोन्ही एकदम बदलतात. पाठाचा डेस्कटॉप भिंतीवर तसाच ठेवून आपल्या पडद्यावर दुसऱ्या डेस्कटॉपवरील गुणपत्रक पाहावे, अशा विचाराने कळ दाबली तर सबंध वर्गासमोर गुणपत्रक उघडे पडेल. मॅक संगणकांवर २०१३ पासून प्रत्येक पडद्याचे डेस्कटॉप स्वतंत्रपणे बदलता येतात. विंडोजवर काम करणाऱ्या शिक्षकांनी मात्र वर्गात जाण्यापूर्वी विद्यार्थ्यांची माहिती असलेल्या खिडक्या बंद करणेच श्रेयस्कर होय.

दफ्तराची शिस्त

मराठी कारभाराला कागद वेगळे ठेवण्याची शिस्त नवी नाही. जुन्या दफ्तरांत कागद कापडी रुमालांत बांधून ठेवण्याची पद्धत होती आणि पेशवे दफ्तराच्या अभ्यासकांना हे रुमाल सुपरिचित आहेत. ज्याचे काम असेल तो रुमाल सोडावा, काम संपताच पुन्हा बांधावा, दोन रुमालांतील कागद एकत्र होऊ देऊ नयेत, यात कारकुनाची परीक्षा असे. कापड त्याला मदत करीत असे. पण कोणता कागद कोणत्या रुमालात जावा हे त्यालाच ठरवावे लागत असे.

आभासी डेस्कटॉपचेही तसेच आहे. संगणक मेजे मांडून देतो. कोणते काम कोणत्या मेजावर घ्यावयाचे हे माणसाने ठरवावयाचे असते. तालुका पातळीवरील संगणक प्रशिक्षणात, केंद्रस्तरीय शिक्षक परिषदेत किंवा ग्रामपंचायतीच्या मासिक बैठकीनंतर पंधरा मिनिटे देऊन ही रीत दाखविता येईल. त्यासाठी वेगळी तरतूद नको आणि नवे यंत्रही नको. अर्जदाराचे काम वेळेवर व बिनचूक होण्यास हातभार लावणारी अशी सोय संगणकात विनावापर पडून राहणे, ही मात्र परवडण्याजोगी गोष्ट नाही.